माणशी किती?

पाठ्यपुस्तकातल्या शाब्दिक उदाहरणांतली माणसं फार गुणी असतात. 'एका सहलीसाठी बसचे भाडे १२,००० रुपये असून जेवणाचा खर्च माणशी १५० रुपये आहे. सहलीस ४० जण गेले, तर एकूण खर्च किती?' चाळीस म्हणजे चाळीस. आदल्या रात्री साडेदहाला फोन करून 'आमच्या मेव्हण्याला पण यायचंय' असं त्यांतलं कुणी म्हणत नाही. कुणाचं पोर मांडीवर बसत नाही, कुणाची एकादशी निघत नाही, आणि परत आल्यावर 'मी नुसतं ताक प्यालो, माझे दीडशे कशाचे?' म्हणणारे मामा त्या चाळिसांत नसतात. चाळीस गुणिले दीडशे, झाले सहा हजार. त्यात बारा मिळवा, अठरा हजार लिहा, खाली दोन रेघा ओढा आणि गुण घ्या.

मास्तर फळ्यावर त्याचं समीकरण करून देतात. एक ठरीव खर्च, तो जागचा हलत नाही. एक माणशी खर्च, तो डोक्यागणिक वाढतो. आणि 'क्ष' म्हणजे माणसं. बेळगाव-निपाणी पट्ट्यात ज्यानं एक तरी लग्न, एक तरी जत्रा अंगावर घेतलीय, त्याला हे समीकरण दाखवून बघा. तो हसणार नाही, कारण घरच्या हिशेबाच्या आठवणीनं त्याला अजून घाम फुटतो. आमच्याकडे ठरीव खर्च ठरत नाही, माणशी खर्च माणूस बघून बदलतो, आणि क्ष हा शेवटची पंगत उठल्यावरच सापडतो. तरीही इथं लग्नं लागतात, जत्रा पार पडतात, बहुतेक सगळे जेवून घरी जातात. हे कसं जमतं, त्याचं मला राहून राहून कौतुक वाटतं.

माणशी खर्चाचंच घ्या. आमच्या भागात तो रस्त्यात बदलतो. कर्नाटकात ११ जून २०२३ पासून 'शक्ती' योजना आहे. राज्यातल्या बायकांना सरकारी साध्या बसमधून राज्याच्या हद्दीत प्रवास फुकट. कंडक्टर शून्य रुपयांचं रीतसर तिकीट फाडून देतो आणि बायका ते जपून पर्समध्ये ठेवतात. हद्दीपलीकडे महाराष्ट्राच्या एसटीत त्याच वर्षीच्या मार्चपासून बायकांना अर्धं तिकीट, आणि पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना त्याच्या आदल्या वर्षापासून फुकट. आता निपाणीतलं एक घर धरा. आजोबा अठ्ठ्याहत्तरचे, आजी सत्तरची, मुलगा, सून आणि कॉलेजातली नात. हे पाच जण बेळगावला गेले तर तिघी शून्यात आणि दोन पुरुषांना भाडं. कोल्हापूरला निघाले तर बस कुठल्या राज्याची, इथून सुरुवात. मग हद्द कुठं लागते, हद्दीच्या अलीकडचं किती, पलीकडचं किती. तेवढ्यात कोगनोळीचा टोलनाका मागं पडतो आणि कागल येतं. अशा घरात सहलीचा खर्च कमी करायचा झाला तर काय वगळावं, याचं उत्तर एकच निघतं: नवरा. बऱ्याच घरांनी हे उत्तर काढलेलं आहे. सौंदत्ती, गोकाकचा धबधबा, पार धर्मस्थळापर्यंत बायकांचे जथे जाऊन येतात आणि ठरीव खर्च घरात टीव्हीपुढं बसलेला असतो.

हद्दीचं म्हणाल तर निपाणीकरांना तिचं काही वाटत नाही. निपाणीचं देवचंद कॉलेज अर्जुननगरात, म्हणजे कागल तालुक्यात, म्हणजे महाराष्ट्रात. सकाळी कर्नाटकात भाकरी खाऊन निघालेलं पोरगं महाराष्ट्रात जाऊन समीकरणं सोडवतं आणि दुपारच्या जेवणाला परत कर्नाटकात येतं. पलीकडचे लोक पेट्रोल भरायला इकडं येतात, कारण ते इथं स्वस्त. म्हणजे 'एका मोटारीत इतके लिटर' हे उदाहरणसुद्धा आमच्याकडे 'टाकी कुठं भरली?' हे विचारल्याशिवाय सुटत नाही. वडापवाल्यांनी मात्र सगळा गुंता केव्हाच निकालात काढलाय. त्यांच्या समीकरणात क्षला वरची मर्यादाच नाही. "सरका की जरा आत" म्हटलं की आणखी एक माणूस मावतो. ठरीव खर्च डिझेल, माणशी खर्च अंग चोरणं.

आता यल्लम्माची गाडी. मार्गशीर्षातल्या पौर्णिमेला कोल्हापूर, कागल, निपाणी भागातून सौंदत्तीच्या डोंगराला माणूस लोटतो. एसटीच्या भाषेत गाडी ठरवण्याला 'प्रासंगिक करार' म्हणतात. करार नंतर होतो, प्रसंग आधी येतो. तो येतो पारावर, रात्री जेवणं झाल्यावर. एक तात्या वही घेऊन बसतात. समजा, गाडीचं जाऊन-येऊन भाडं २४,००० रुपये आणि नैवेद्य, जेवण, भंडारा-लिंबू धरून माणशी २००. पहिल्या रात्री वहीत चाळीस नावं.

"माणशी आठशे," तात्या जाहीर करतात.

आठशे ऐकताच दोघांना गुडघे आठवतात, एकाला उसाची तोड आठवते. सगळ्यांत तिखट प्रश्न पाठीमागून येतो, "आणि नेणत्या पोराचं?" नेणतं पोर मिसरूड फुटलेलं असतं. आठवड्यात तिसावर येतं. तात्या पुन्हा भाग देतात: चोवीस हजार भागिले तीस, आठशे, त्यात दोनशे, म्हणजे माणशी हजार. हजार ऐकून आणखी सहा जण "पुढच्या वर्षी बघू" म्हणतात. चोवीस राहिले, भाव बाराशे. माणसं गळाली म्हणून भाव वाढला, भाव वाढला म्हणून माणसं गळाली. हे असंच चालू दिलं तर शेवटी गाडीत एकटे तात्या राहतील आणि देवीचं चोवीस हजार दोनशे रुपयांचं दर्शन घेऊन येतील. पुस्तकातल्या उदाहरणांत हे कधीच येत नाही, कारण तिथल्या माणसांना भाव कळायच्या आधीच ती गाडीत बसवलेली असतात.

कसलेले तात्या म्हणून खरा भाव सांगतच नाहीत. वहीत पंचेचाळीस नावं असली तरी मनात बत्तीसच धरतात. चोवीस हजार भागिले बत्तीस, साडेसातशे. त्यात दोनशे मिळवून "माणशी साडेनऊशे, एक रुपया इकडं न्हाई, एक रुपया तिकडं न्हाई" असं पहिल्याच रात्री ठणकावतात आणि वही मिटतात. गाडी सुटताना अडतीस माणसं भरतात. खर्च झाला ३१,६००. जमा व्हायला हवेत ३६,१००. म्हणजे साडेचार हजार उरले! बत्तिसाचा आडाखा इथं फळाला आला असं कुणालाही वाटेल. पण या अडतिसांतले पाच जण "आल्यावर देतो की" म्हणून चढलेले असतात आणि आल्यावर ते भेटत नाहीत. पाच साडेनऊशे, पावणेपाच हजार. तात्यांच्या खिशाला अडीचशेची चाट. ती ते देवीची सेवा म्हणून सोसतात आणि पुढच्या वर्षी मनात तीसच धरतात. ड्रायव्हरचं जेवण ठरीव खर्चात धरायचं की माणशी, यावर डोंगर उतरताना वाद होतो, तो यरगट्टी येईपर्यंत पुरतो. ड्रायव्हर त्यात भाग घेत नाही. तो जेवलेला असतो.

लग्नाचं गणित याच्या पुढच्या इयत्तेतलं. कार्यालयाचं भाडं हा ठरीव खर्च, असं मुलीचा बाप मानून चालतो. मॅनेजरही मान डोलावून तसंच सांगतो आणि मग पावतीबुकाच्या मागच्या बाजूला लिहायला लागतो: लाईट मीटरप्रमाणं, जनरेटरचं डिझेल वेगळं, पाण्याचा टँकर लागला तर त्याचं वेगळं, भांडी मोजून, साफसफाई वेगळी, वधूपक्षाच्या खोलीला एसी लावला तर तासावर, आणि डिपॉझिट, जे एखादा चमचा हरवेपर्यंत तुमचंच असतं. ठरीव खर्चाला इतके फाटे फुटतात की मूळ भाडं त्यात लहान दिसू लागतं.

दुसऱ्या टोकाला केटरर. त्याचं 'माणशी' एका ताटाचा भाव सांगतं, पण बारीक अक्षरात 'कमीत कमी पाचशे ताटं'. म्हणजे तीनशे जेवले तरी पाचशेचे पैसे. थोडक्यात, पाचशेपर्यंत माणशी खर्च हाच ठरीव खर्च, आणि पाचशेएकाव्या माणसापासून तो खरा माणशी होतो. बीजगणितात याचा आलेख काढायचा तर आधी आडवी रेघ आणि मग एकदम चढ. मुलीच्या बापाच्या रक्तदाबाचा आलेखही पंगत बसल्यावर असाच निघतो.

जुन्या पद्धतीनं आचारी ठरवणाऱ्यांकडे मात्र अजून गणिताचा खरा जाणकार येतो. आमच्याकडचे असे एक आचारी मी जवळून बघितलेत. वही नाही, मोबाईलमधला कॅल्क्युलेटर नाही. कानामागं विडी.

"किती पानं धरू, अण्णा?"

"धरा की चारशे."

"पत्रिका किती छापल्यासा?"

"सहाशे."

"आणि मोबाईलवर पाठवलेल्या?"

अण्णा गप्प.

"तिथीला गावात आणि किती अक्षता हाईत?"

"तीन. एक आमच्याच भावकीत."

आचारी विडी कानामागून काढतात, पेटवत नाहीत, परत ठेवतात. "साडेपाचशे धरतो. शंभर पानांना धा किलो तांदूळ. बुंदी जरा हात राखून. पोरं पिशवीतनं नेत्यात."

या साडेपाचशेत काय काय आलंय बघा. एका तिथीला चार लग्नं असली की घरटी एकेक माणूस वाटून जातो. नवरा इथं अक्षता टाकतो, बायको तिथं, थोरला तिसरीकडे. पाऊस आला तर शंभर वजा. कोल्हापूरकडचं वऱ्हाड असेल तर रस्सा जास्त. जेवण मटणाचं असेल तर पत्रिका न मिळालेलेही धरायचे, कारण त्यांना पत्रिकेची गरज नसते, वारा पुरतो. आणि सगळं करूनही अंदाज चुकला तर आमटीच्या पातेल्याजवळ पाण्याची घागर असतेच. आमटी ही आमच्या भागातली सगळ्यांत लवचिक राशी. पहिल्या पंगतीला तिच्यात वाटी दिसत नाही, शेवटच्या पंगतीला वाटीच्या तळाचं नक्षीकाम दिसतं.

केटररकडे अशी लवचिकता चालत नाही, तिथं ताटं मोजतात. मोजायला दोघं बसवतात, एक त्याचा, एक आपला. आपला म्हणजे कुठल्याही कामाला न लागणारा एखादा भाचा. दोघांचा आकडा जुळलेला मी अजून ऐकलेला नाही. केटररचे सातशे बारा, भाच्याचे सहाशे शहाऐंशी, कारण मधली काही मिनिटं भाचा स्वतः जेवत होता. फरक सव्वीस ताटांचा. मग "त्यात बारकी पोरं धरलासा," "अहो, बारकी पोरंच दोनदा जेवल्यात," असं होत होत तेरावर तोडगा निघतो. अर्ध्यावर मिटवणं ही आमच्याकडची पाचवी मूलभूत क्रिया आहे. बेरीज, वजाबाकी, गुणाकार आणि भागाकार शाळेत शिकवतात.

बेळगाव तालुक्यातल्या गावांत महालक्ष्मीची यात्रा भरते, ती दरवर्षी नव्हे, बऱ्याच वर्षांनी एकदा. तिथं क्ष मोजायचा प्रयत्नच कुणी करत नाही. पाहुणा येतो, पाहुण्याचा पाहुणा येतो, त्या पाहुण्याच्या गाडीत जागा होती म्हणून बसलेला येतो, आणि सगळ्यांना ताट मिळतं. माणशी घेणं नाहीच. असते ती घरटी पट्टी. आता घर म्हणजे काय, यावर गावाच्या बैठका रंगतात. तीन भाऊ, तीन चुली, दार एक. पट्टी द्यायची वेळ आली की कुटुंब एकत्र, आणि रेशन कार्डाला विभक्त. पंचांनी चूल मोजायची ठरवली तर यात्रेपुरत्या दोन चुली विझतात. दार मोजायचं ठरवलं तर मागचं दार बुजवलं जातं.

शाब्दिक उदाहरणांचा आपल्याकडचा वारसा तसा थोर. 'गणितसारसंग्रह' लिहिणारे महावीराचार्य नवव्या शतकातले, राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळातले. 'लीलावती' लिहिणारे भास्कराचार्य बाराव्या शतकातले, आणि ते 'विज्जलविड'चे. आता विज्जलविड म्हणजे कर्नाटकातलं विजापूर की सह्याद्रीजवळचं खानदेशातलं एखादं गाव, यावर विद्वानांत मतभेद. चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखानं खानदेशाचं पारडं जड केलंय, एवढंच मी बोलतो. म्हणजे गणितातही सीमाप्रश्न आहेच, आणि तो १९५६ च्या राज्यपुनर्रचनेच्या कितीतरी आधीचा. त्या 'लीलावती'ची आख्यायिका तुम्हाला ठाऊक असेल. मुलीच्या लग्नाचा मुहूर्त घटिकापात्रानं मोजत होते, पात्रात मोती पडला, छिद्र बुजलं, मुहूर्त टळला आणि लग्न राहिलं. म्हणून बापानं मुलीच्या नावानं गणिताचं पुस्तक लिहिलं. भास्कराचार्यांचं लग्न मोडलं आणि गणित झालं. आमच्याकडे लग्न लागतं आणि मग गणित होतं. आचाऱ्याचं अजून द्यायचं असतं, मंडपवाला दारात असतो आणि आहेराची पाकिटं फोडायला अंधार पडायची वाट बघावी लागते. भुंगे, हंस, बाण या सगळ्यांवर 'लीलावती'त उदाहरणं आहेत. जेवणावळीवर त्यांनी एखादं घातलं असतं तर उत्तराच्या जागी 'अंदाजे' लिहावं लागलं असतं.

मोठ्यांची गोष्ट काढलीच आहे तर १९२४ चं अधिवेशन सोडून चालणार नाही. त्या डिसेंबरात काँग्रेसचं ३९वं अधिवेशन बेळगावात, टिळकवाडीकडच्या माळावर भरलं. त्या नगराला नाव दिलं होतं विजयनगर. अध्यक्ष महात्मा गांधी. ते अध्यक्ष झालेलं हे एकच अधिवेशन. यजमानपण गंगाधरराव देशपांड्यांच्या अंगावर. जरा त्यांच्या जागी बसून बघा. हजारोंच्या प्यायच्या पाण्याची सोय हवी, म्हणून विहीर खणली: ४,३७० रुपये ३ आणे. नाव पंपासरोवर. आजही ती काँग्रेस विहीर म्हणून दाखवतात. माणूस एक येवो की लाख, विहिरीचा खर्च तेवढाच. ठरीव खर्चाचं इतकं पाण्यासारखं स्वच्छ उदाहरण कुठल्या पाठ्यपुस्तकात नसेल. मला त्यातले तीन आणे फार आवडतात. चार हजारांच्या खोदाईत ज्यानं तीन आणे वेगळे लिहून ठेवले, त्या खजिनदाराला आमच्या यल्लम्माच्या गाडीत एकदा बसवायला हवं होतं.

अध्यक्षांसाठी खास झोपडी उभारली, तिला साडेतीनशे रुपये पडले. पाहुण्याला झोपडी हवी होती म्हणून झोपडी केली, तर पाहुणे म्हणाले, हा तर महाल झाला, एवढा खर्च कशाला? यजमान जन्मभर ज्या वाक्याला भितो ते हेच. त्यावर कडी म्हणजे प्रतिनिधींचं शुल्क. ते दहा रुपये होतं, ते गांधींच्या आग्रहानं एक रुपयावर आणलं. मास्तरांच्या फळ्यावर हे मांडा: विहीर तेवढीच, मंडप तेवढाच, झोपडी उभी राहून गेलेली, आणि माणशी जमा एकदम दहावा हिस्सा. तूट भरून काढायची तर माणसं दहापट यायला हवीत, आणि माणसं दहापट आली तर त्यांना पाणी दहापट. आमचे तात्या असते तर त्यांनी वही मिटून सौंदत्तीची वाट धरली असती. गंगाधररावांनी वही मिटली नाही. अधिवेशन पार पडलं आणि हिशेब झाल्यावर शिल्लक उरली ७७३ रुपये.

शिल्लक! हा शब्द आमच्याकडच्या कुठल्याही कमिटीपुढं उच्चारून बघा, लोक घाबरतात. तूट परवडते. तूट आली की चार लोक खिशात हात घालतात आणि पुण्य मिळवतात. शिल्लक उरली की संशय येतो, मग बैठक बोलवावी लागते.

आमच्या कॉलनीची वर्षासहल आंबोलीला गेली होती, अडतीस जणांची, आणि हिशेबात ५७० रुपये उरले. सरळ गणित: माणशी पंधरा. पण पंधरा रुपये घ्यायला दारोदार कोण फिरणार, आणि कुणी घेतले नाहीत तर ते कुणाचे, म्हणून बैठक ठरली. अडतीस माणसं बोलवायची तर नुसती कशी बसवणार? चहा आणि भजी, माणशी वीस. झाले ७६०. शिलकीतले ५७० गेले आणि वर १९० कमी पडले, म्हणजे माणशी पाच. ते पाच रुपये तिथल्या तिथं मोबाईलवर पाठवायचे ठरले आणि सदतीस जणांनी पाठवलेही. अडतिसाव्या काकांनी चष्मा नव्हता म्हणून पाचावर शून्य जास्त दिलं. आता पंचेचाळीस रुपये शिल्लक आहेत. काका परत घ्यायला तयार नाहीत, "असू दे की कमिटीला" म्हणतात. येत्या रविवारी त्यावर बैठक आहे, भजी कांद्याची की बटाट्याची एवढंच ठरायचं राहिलंय.